आईचे शहाण्णव रुपये

तायडे मॅडमचं नाव आधी लिहितो. काय झालं ते मागून सांगता येईल. राग आला की मी बोलत सुटतो आणि ज्याचे आभार मानायचे त्याचंच नाव राहून जातं, म्हणून ते पहिल्या ओळीत.

इंदूरला सांवेर रोडवर आमचा पुठ्ठ्याच्या खोक्यांचा कारखाना आहे. मी मशीनवर असतो, मॅडम ऑफिसात डिस्पॅचच्या टेबलावर. रोज महूहून दोन बस बदलून येतात. वडील फौजेत होते, त्यामुळे की काय, घड्याळाशी त्यांचं कधी भांडण होत नाही. सगळे त्यांना मॅडम म्हणतात, पण त्या डबा ऑफिसात खात नाहीत, आमच्यात शेडमध्ये येऊन खातात. बोलणं इंदूरच्या मराठी माणसाचं: वाक्य मराठीत निघतं, मध्येच हिंदीत शिरतं आणि क्रियापद येईस्तोवर पुन्हा घरी परततं. मी बुलढाणा जिल्ह्यातला. इथे आल्यावर पहिल्यांदा कुणी माझ्याशी मराठी बोललं ते त्या. तेव्हा ती मराठी आहे हे कळायलाच मला दोन दिवस लागले.

एप्रिल पुन्हा आलाय. शेडच्या पत्र्यावर सकाळी दहानंतर कावळासुद्धा टेकत नाही. पुठ्ठा चिकटवायची खळ दुपारपर्यंत आंबते आणि तो वास अंगाला लागून घरापर्यंत येतो. रस्त्याकडेला कूलरवाल्यांनी गवताच्या नव्या ताट्या टांगल्यात. त्यांच्यावर पाणी मारून ठेवतात, गिऱ्हाईक थांबावं म्हणून. येणारे-जाणारे खरंच थांबतात, नाक वर करून वास घेतात. गार वाटतं म्हणतात. माझ्या मात्र त्या ओल्या गवताच्या वासानं डोक्यात जाळ होतो. मी सायकल जोरात हाणतो आणि पुढे निघून जातो.

मागच्या एप्रिलात आई आली होती. उजव्या डोळ्याचा मोतीबिंदू पिकला होता, ऑपरेशन इथे करायचं ठरलं. मलकापूरहून बऱ्हाणपूर, खंडवा करत, मांडीवर पिशवी घट्ट धरून आली. पिशवीत काय तर ज्वारीच्या पापड्या आणि तिच्या स्वतःच्या पिण्याचं पाणी. "तिकडचं पाणी बाधते म्हनतात," असं मलाच सांगत होती, आणि मी तेच पाणी अकरा वर्षं पीत होतो. ऑपरेशन नीट झालं. चाळीस दिवस थेंब टाकायचे, धूळ आणि ऊन टाळायचं, असं डॉक्टरांनी दोनदा बजावलं. मी हो म्हटलं. माझी खोली वरच्या मजल्यावर, पत्र्याखाली. ऊन टाळायचं म्हणजे कूलर लावायचा. मी एक जुना कूलर आणला, त्याला नव्या ताट्या बसवल्या. पाणी सोडलं, आणि खोलीत पहिल्यांदा तो वास आला. आई डोळ्याला हिरवी पट्टी लावून त्याच्यासमोर बसली आणि म्हणाली, "नदीवानी वास येते."

तिथेच थांबायला पाहिजे होतं मी. पण तिनं विचारलं, "ह्याचं किती पडते रे महिन्याचं?" आणि मला हिशोब येत होता.

मी आठवी अर्धी शिकलोय. दिवाळीनंतर शाळेत गेलोच नाही, कापसाच्या जिनिंगमध्ये लागलो. पण एकमान पद्धत माझी पक्की होती. इतक्या वस्तूंचे इतके, तर एकीचे किती, तर अमुक वस्तूंचे किती. गुरुजी पाठ थोपटायचे. शाळेतून मी बरोबर काही आणलं असेल तर तेवढं एक. म्हणून आईनं विचारल्याबरोबर मी भिंतीला अडकवलेली मार्चची पर्ची काढली. आमचा घरमालक, ज्याला सगळे बाबूजी म्हणतात, दर महिन्याला प्रत्येक खोलीला अशी एक पर्ची देतो. तिच्यावर दोनच आकडे: युनिट आणि रुपये. मार्चमध्ये माझे युनिट चाळीस, रुपये सहाशे साठ. म्हणजे एका युनिटचे साडेसोळा. कारखान्याच्या वायरमननं सांगितलं होतं की दिवसभर कूलर चालला तर महिन्याला पंचवीस-एक युनिट जादा जातील. पंचवीस गुणिले साडेसोळा. मी आईला नुसतं चारशे सांगितलं नाही. चारशे बारा रुपये पन्नास पैसे सांगितलं. पन्नास पैसेसुद्धा सांगितले, कारण मला येत होतं.

तिनं बोटांवर काहीतरी मोजलं. आमच्याकडे बाईला निंदणीचे दिवसाला दोनशे मिळतात.

दुसऱ्या दिवसापासून मी ड्यूटीवरून आलो की कूलर चालू असायचा, पण ताट्या कोरड्या असायच्या आणि खोली भट्टीसारखी. माझी सायकल खाली वाजली की ती बटण दाबायची. विचारलं की, "दिवसभर चालूच व्हता, आताच पानी संपलं." दुपारी ती जिन्यात बसायची. तिथे वारा येतो, आणि रस्त्याची धूळही येते. डोळ्यावर हिरवी पट्टी, डोक्यावर ओला पदर, मांडीवर ती पिशवी. हे मला शेजारच्या खोलीतल्या संतोषनं सांगितलं. "अम्मा सीढ़ी पे बैठती है भिया, मैंने बोला अंदर बैठो, तो बोली बिल आता है." मी तिला रागावलो. वरून आणखी रागावलो, की माझ्या पैशाचं तुला काय पडलंय. तिनं एकोणिसाव्या दिवशी पिशवी भरली. शेळ्यांना पाहायला कुणी नाही, म्हणाली. बसच्या खिडकीतून सांगितलं, "थेंब टाकीन मी बरोबर, तू बिल भर."

थेंब शेजारची पोरगी टाकायची, शाळेतून आल्यावर, आठवलं तर. त्या डोळ्याला अजून धुरकट दिसतं. डॉक्टर म्हणाले, थेंब चुकल्यानंच झालं असं काही नाही. असं काही नाही, हे शब्द मी वर्षभर चघळतोय.

मे लागल्यावर एप्रिलची पर्ची आली. युनिट बावन्न, रुपये सातशे छप्पन्न. मी ती पुन्हा पुन्हा वाचली, कारण माझ्या हिशोबानं आठशे अठ्ठावन्न व्हायला पाहिजे होते. एकशे दोन रुपये कमी लागले होते. माणसाला आनंद झाला असता. मी दोन दिवस झोपलो नाही नीट. बाबूजीच्या लक्षात आलं की तो सगळं एकदम मागेल, चोर म्हणेल, खोली काढून घेईल. परगावी राहणाऱ्या माणसाला फायदा झाला तरी भीती वाटते. शेवटी दोन्ही पर्च्या डब्याच्या पिशवीत घालून जेवणाच्या सुट्टीत तायडे मॅडमसमोर ठेवल्या.

"मॅडम, घरमालकाची चूक झाली. एकशे दोन रुपये कमी लावले. सांगू का त्यांना?"

मॅडमनी माझं सगळं गणित ऐकून घेतलं आणि पोळीचा घास हातात धरूनच हसायला लागल्या. "अरे भिया, तू तर बाबूजीचा मुनीम निघालास. असा ईमानदार किरायेदार तर नशिबानं मिळतो."

शेडमधले चार जण हसले. मीही हसलो. मग त्यांनी पर्च्या जवळ ओढल्या आणि त्यांचं हसू हळूहळू गेलं.

"दोन महिन्यांत युनिट किती वाढले?"

"बारा."

"आणि पैसे?"

"शहाण्णव."

"मग वाढलेल्या एका युनिटचे किती पडले?"

"आठ." मी म्हटलं, आणि मलाच ते खरं वाटेना. आठ. साडेसोळा नाही.

"चाळीस अठ्ठे?"

"तीनशे वीस."

"आणि त्यानं घेतले सहाशे साठ. वरचे तीनशे चाळीस कशाचे रे?"

खाली कापलेल्या पुठ्ठ्यांचे तुकडे पडलेले असतात. त्यातला एक उचलून त्यांनी पेन्सिलीनं लिहिलं: य बरोबर आठ क्ष अधिक तीनशे चाळीस. "हे क्ष म्हणजे तुझे युनिट. तू पंखा लाव, बंद कर, हे हलेल. आणि हे मागचं आहे ना, ते हलत नाही. तू खोलीला ताला लावून गावी जा, तरी हे द्यायचंच. यालाच रेषीय समीकरण म्हणतात. नववीत असतं."

नववीत असतं. मी आठवीतून गेलो होतो. माझ्या आणि त्या पुठ्ठ्यावरच्या ओळीच्या मध्ये फक्त एक वर्ष होतं, आणि ते वर्ष मी जिनिंगमध्ये सरकी उपसत घालवलं होतं.

मी बावन्नला आठानं गुणलं, तीनशे चाळीस मिळवले. सातशे छप्पन्न. पैशाला पैसा जुळला. मग मी दुसरं एक गणित केलं, ते मॅडमना सांगितलं नाही. माझी आई माझ्याकडे एकोणीस दिवस राहिली. तिनं कूलर लावला, पाणी तापवलं, दिवा लावला, सगळं धरून बारा युनिट. शहाण्णव रुपये. ती आली नसती, खोली बंद असती, तरी तीनशे चाळीस जाणारच होते. चाळीस दिवस दिवसभर कूलर चालवून बसली असती तरी जादा तीनशेच्या आत आटोपलं असतं. आणि मी तिला पन्नास पैशांसकट चारशे बारा सांगितले होते.

माझा राग नेमका कुणावर होता हे मला आजही नीट सांगता येत नाही. त्या दिवशी तो आधी गुरुजींवर गेला. त्यांनी आम्हाला पेन्सिली आणि आंबे शिकवले, एका आंब्याचे इतके तर बारा आंब्यांचे किती. आंबा घेतला नाही तर पैसे द्यायचे नसतात. पण आंबा न घेताही पैसे लागणारी दुकानं जगात असतात, हे सांगायला त्यांनी नववीपर्यंत थांबायचं ठरवलं होतं, आणि आमच्यातले निम्मे आठवीतच गळणार हे त्यांना ठाऊक होतं. मग राग माझ्या काटकसरीवर गेला. अकरा वर्षं मी दिवा लवकर मालवला. संतोषनं पंखा एकवर ठेवला. खालच्या खोलीतली बाई पोरांना मोबाईल चार्ज करू देत नव्हती. आम्ही सगळे त्या क्ष-ला धरून बसलो होतो, त्याला पिळत होतो, त्याच्यातून आठ-आठ रुपये काढत होतो. आणि मागच्या आकड्याकडे कुणी पाहिलंच नव्हतं, कारण तो पर्चीवर लिहिलेलाच नव्हता.

शहर असंच असतं, असं आता वाटतं. निजून राहिलं तरी काहीतरी लागतच असतं. गरीब माणसाला सगळे सांगतात की कमी खा, कमी वापर, जपून रहा. म्हणजे क्ष कमी कर. मागचा आकडा कमी करा असं तो लावणाऱ्याला कुणी सांगत नाही.

संध्याकाळी घरी येऊन मी संतोषला गाठलं. होळीला तो गावी गेला होता आणि महिनाभर आलाच नव्हता. बंद खोलीची पर्ची आली तेव्हा त्यानं बाबूजीशी भांडण केलं होतं. बाबूजीनं शांतपणे सांगितलं, "पंखा खुला छोड़ गया होगा, बेटा." आम्ही सगळे तेव्हा हसलो होतो. मी तर सगळ्यात जास्त. "भुताला उकडत होतं का रे," असं आठ दिवस त्याला चिडवत होतो. ती पर्ची त्यानं रागानं जपून ठेवली होती. युनिटच्या जागी नुसती एक आडवी रेघ. रुपये तीनशे चाळीस.

सहाही खोल्यांच्या पर्च्या मी गोळा केल्या. सगळ्या त्या एकाच ओळीत बसल्या. मॅडमनी विचारलं, "सगळ्यांचे वेगळे मीटर आहेत का सरकारचे?" नाही. सरकारचा मीटर एकच, बाकी सहा बाबूजीनं स्वतः बसवलेले, आणि ते त्याच्या जाळीच्या दरवाजाआड. "मग सरकार तर एकदाच घेत असेल ना," त्या म्हणाल्या.

मी एकटा गेलो बाबूजीकडे. पुठ्ठ्याचा तो तुकडा घेऊन गेलो, मूर्खासारखा. बाबूजी प्लास्टिकच्या खुर्चीत पेपर वाचत होता. वाईट माणूस दिसत नाही तो. आईला त्यानं कैरीचं पन्हं पाठवलं होतं. मी आठ क्ष म्हणालो आणि माझी जीभ वळेना. त्यानं पुठ्ठा हातात घेतला, उलटा-सुलटा केला, परत दिला.

"कितना पढ़ा है तू?"

"आठवीं."

"तो बेटा, ये बिजली विभाग का हिसाब है. तेरे को समझ में नहीं आएगा."

मी परत आलो. समीकरण बरोबर होतं. त्याच्या खुर्चीसमोर उभा राहून मला स्वतःलाच ते चूक वाटायला लागलं, इतकंच.

रविवारी तायडे मॅडम आल्या. त्यांची हप्त्यातली एक सुट्टी. महूहून, त्या उन्हात, दोन बस. इस्त्रीची साडी, खांद्याला पर्स, पाय धुळीनं भरलेले. मी येऊ नका म्हणत होतो, मला भीती वाटत होती, त्याच दिवशी सामान बाहेर येईल असं वाटत होतं. बाबूजीनं त्यांना पाहिलं आणि खुर्चीतून उठला. मैडमजी बैठिए, म्हणाला. पाणी मागवलं. अकरा वर्षांत त्या अंगणात मी बसलेलो नव्हतो.

"बाबूजी, मेन मीटर का बिल दिखा दीजिए ज़रा," मॅडम इतक्या सहज म्हणाल्या की जणू चहाला साखर मागतात.

बिल आलं. आमच्या गावाकडच्या बिलावर ज्याला स्थिर आकार म्हणतात, त्याला इथे नियत प्रभार म्हणतात. मॅडमनी बोट ठेवलं. पूर्ण घराचा नियत प्रभार: तीनशे चाळीस. त्या माणसानं खोटा आकडा तयार करायची तसदीसुद्धा घेतली नव्हती. खराच आकडा घेतला होता, फक्त सहा वेळा.

"सरकार एक बार लेती है, आप छह बार," मॅडम म्हणाल्या.

"अब मैडमजी, घर में घिसाई भी तो होती है." घिसाई म्हणजे घराची झीज.

"तो घिसाई लिखिए पर्ची पे. बिजली क्यों लिखते हैं?"

बाबूजी माझ्याकडे बघत नव्हता. तोच आकडा मी चार दिवसांपूर्वी त्याच अंगणात त्याला सांगितला होता. माझ्या तोंडून तो आकडा नव्हता, त्यांच्या तोंडून झाला. मॅडमचा राग नाही, देवाशपथ नाही. पण आठ गुणिले चाळीस तीनशे वीस होतात हेही सांगायला चांगली साडी लागते, याचा राग आहे.

पुढच्या महिन्यापासून तीनशे चाळीसचे सहा भाग झाले. प्रत्येकी सत्तावन्न. मागचं काही परत मिळालं नाही, आणि दोन महिन्यांनी भाडं दोनशेनं वाढलं, महंगाई म्हणून. संतोष म्हणाला, "आगे से निकाला, पीछे से डाल दिया." तरी मी खोली सोडली नाही. कारण आता निदान पर्चीवर तीन आकडे असतात आणि तिन्ही मला वाचता येतात.

बसस्टॉपवर मी मॅडमना म्हटलं, तुमचं कसं फेडू. त्या पदरानं कपाळ पुसत होत्या. "फेडायचं काय त्यात, वेडा. गणित तर होतं." मग थोड्या वेळानं, बस दिसत नव्हती म्हणून असेल, म्हणाल्या, "दोन वर्षांत मी रिटायर होणार. तेव्हा माझा पण फायनल हिशोब होईल. इतक्या जणांचे मांडले, पर सच बोलू, साहेबांच्या केबिनमध्ये स्वतःचा मांडायला मला जमणार नाही. तिथे मला कोणी बस पण म्हणत नाही." आणि हसल्या. शेडमध्ये हसल्या होत्या तशा नाही.

आता डाव्या डोळ्याची तारीख मिळालीय. पंधरा दिवस मी आईला फोनवर सांगतोय, ये. ती शेळ्यांचं सांगते. परवा मी समीकरणच सांगितलं. तू आलीस तर आठ रुपये युनिट, नाही आलीस तरी सत्तावन्न जाणारच. ती ऐकत राहिली. "मागच्या बारीले तूच चारशे सांगितले होते," म्हणाली. मग म्हणाली, "त्या बाईले दे फोन. त्या सांगतीन तं खरं."

जेवणाच्या सुट्टीत मी फोन मॅडमच्या हातात दिला. "काकू, मतलब असं समजा," असं त्यांनी सुरू केलं आणि पाच मिनिटं सांगितलं. पलीकडून काय आलं ते मला ऐकू आलं नाही. मॅडमनी फोन परत दिला तेव्हा आई म्हणत होती, "चाळीस दिवस राहतो. मागच्या सालीही राहिली असती मी."

मी शेडच्या मागे जाऊन उभा राहिलो. खळीच्या पिंपांना उन्हाचा वास येत होता.

मॅडमना मी तेव्हा काही बोललो नाही. इथे लिहितो. या सालापासून मी रविवारी वर्गाला जातोय, मुक्त शाळेतून दहावी द्यायची म्हणून. जमेल की नाही याची रोज धास्ती असते. नाही जमलं तरी ग्रॅच्युइटी कशी मांडतात ते शिकून घेईन, तेवढं एक तरी. आणि मॅडम, ज्या दिवशी तुमचा हिशोब असेल त्या दिवशी मी सुट्टी टाकून तुमच्याबरोबर साहेबांच्या केबिनमध्ये येईन. आधी तुमच्यासाठी खुर्ची ओढीन, मग माझ्यासाठी. कुणी बस म्हणायची वाट पाहणार नाही. एक-एक आकडा मोठ्यानं वाचीन, आणि पूर्ण मिळाल्याशिवाय उठणार नाही.